इंडोनेशियात भाजीपाल्याचं उत्पादन आणि व्यापार कोणत्या दिशेनं चाललाय? आपला कांदा तिथं पाठवण्यात अर्थ आहे का?

तुम्ही लिहिलंय की तुम्ही चांदवडकडचे, उन्हाळ कांदा कांदाचाळीत (साठवणीच्या हवेशीर छपरात) ठेवता, आणि 28 कोटी लोकांच्या या देशात भाजीपाला किती पिकतो, किती बाहेरून येतो हे समजून घेऊन मगच निर्यातीचा विचार करायचा आहे. माझं माहेर निफाड तालुक्यात. गेली काही वर्षं मी सुराबायात, म्हणजे पूर्व जावातल्या बंदराच्या शहरात, राहते आणि शेतमाल आयात करणाऱ्या एका व्यापाऱ्याकडे कागदपत्रांचं काम बघते. त्यामुळे हा प्रश्न वाचून राहवलं नाही.

आधी थेट उत्तर देते. वाव आहे, पण इथला बाजार आपल्या लिलावासारखा आवक आणि मागणीवर चालत नाही, तो परवान्यावर चालतो. कुठली भाजी बाहेरून येऊ द्यायची आणि कुठली नाही, हे सरकार ठरवतं. आणि त्या ठरवण्याच्या मुळाशी तीन 'बावांग' आहेत.

बावांग म्हणजे कांदा-लसूण वर्गातलं काहीही. बावांग मेराह, म्हणजे लाल बावांग, हा आपल्याकडे सांबारात घालतात तसला छोटा कांदा. बावांग पुतिह, म्हणजे पांढरा बावांग, तो लसूण. आणि आपल्या कांद्याचं इथलं नाव आहे बावांग बोम्बाय. हो, बोम्बाय म्हणजे आपली मुंबईच. पहिल्यांदा बाजारात एका मावशींनी मोठा कांदा उचलून "बोम्बाय?" असं विचारलं, तेव्हा माझ्या डोळ्यांत पाणी आलं होतं. पण या नावातच तुमच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर आहे. आपला कांदा त्यांच्या दृष्टीनं परका आहे. त्यांचा रोजचा कांदा म्हणजे बावांग मेराह. सकाळी दगडी खलात मिरची, लसूण आणि हा छोटा कांदा रगडल्याशिवाय इथली चूल पेटत नाही. भातावर, सूपवर, नूडल्सवर तळलेला कांदा पसरतात तोही याचाच. बोम्बाय लागतो हॉटेलांना, बर्गरवाल्यांना, चायनीज पदार्थ करणाऱ्यांना आणि शहरी घरांना.

म्हणून सरकार सगळ्यात जास्त जपतं ते बावांग मेराहला. 2013 मध्ये त्याचं उत्पादन 10 लाख टनांच्या आसपास होतं, 2021 मध्ये ते 20 लाख टनांवर गेलं आणि त्यानंतर तिथंच टिकून आहे. आठ वर्षांत दुप्पट. खाण्यासाठीची त्याची आयात 2016 नंतर जवळपास थांबली, उलट थायलंड-सिंगापूरकडे थोडाफार माल जायला लागला. हे कशामुळे झालं ते बघायचं असेल तर मध्य जावातल्या ब्रेबेसला जावं लागतं.

आमच्या मालकांबरोबर मी तिथं गेले होते. ब्रेबेस म्हणजे त्यांचं लासलगाव म्हणा, फरक इतकाच की इथं बाजारही आहे आणि डोळे पोचतील तिथपर्यंत शेतंही. भाताच्या सखल, पाणथळ जमिनीत उंच गादीवाफे केलेले, आणि दोन वाफ्यांच्या मध्ये कमरेइतके खोल चर, त्यात पाणी भरलेलं. माणूस त्या चरातून चालत लांब दांड्याच्या डोलीनं दोन्ही बाजूंना पाणी शिंपडत जातो. पीक साठ दिवसांत काढणीला येतं. आपला उन्हाळ कांदा रोपवाटिकेपासून धरला तर पाच-साडेपाच महिने घेतो, त्यामुळे साठ दिवस ऐकून मी दोनदा विचारून खात्री केली. काढणी झाली की पातीसकट जुड्या बांधतात आणि बांबूवर उन्हात टांगतात.

रात्री तीच शेतं वेगळी दिसतात. वाफ्यांवर ओळीनं विजेचे दिवे लागलेले असतात, खाली पाण्याची भांडी ठेवलेली. पात खाणाऱ्या अळीचे पतंग दिव्याकडे येऊन पाण्यात पडावेत म्हणून ही सोय. त्याआधी फवारणी दोन-तीन दिवसांआड चालायची. एका म्हाताऱ्या शेतकऱ्यानं मला सांगितलं, "बू, आधी कमाईतलं निम्मं औषधाच्या दुकानात जायचं. आता थोडं विजेच्या बिलात जातं, बाकी घरी येतं." (बू म्हणजे बाई, ताई. मी त्यांना 'पाक' म्हणत होते, म्हणजे काका.)

त्यांची खरी अडचण बियाण्याची. हा कांदा बियांपासून नाही, कांद्यापासूनच लावतात. हेक्टरी टनभर कांदा नुसता लागवडीसाठी बाजूला काढावा लागतो. भाव चढले की लागवडीचा कांदाही महागतो, आणि मग लहान शेतकरी लावतच नाही. अलीकडे खऱ्या बियांपासून पीक घेण्याचा प्रयत्न चाललाय. त्यात हेक्टरी काही किलोंत काम भागतं, पण रोपं तयार करायला जास्त दिवस लागतात आणि ब्रेबेसचे शेतकरी त्या वाढीव दिवसांना बिचकतात. मला विचाराल तर पुढच्या दहा वर्षांत इथल्या भाजीपाल्यात कुठला मोठा बदल झाला, तर तो इथंच होईल.

विक्रीची पद्धत ऐकून तुम्हाला ओळखीची वाटेल. बरेच शेतकरी उभं पीक ठोक भावानं देऊन टाकतात, कोकणात आंब्याची बाग देतात तसं. घेणारा स्वतःची माणसं आणून काढणी करतो. दलालाला तेंकुलाक म्हणतात आणि लोक त्याला शिव्याही देतात, पण खतापुरती उचल ऐन वेळी तोच देतो. आमच्या निफाडच्या आडत्यांबद्दल आजोबा जे बोलायचे, तेच शब्द मला ब्रेबेसच्या चहाच्या टपरीवर दुसऱ्या भाषेत ऐकू आले.

आता लसूण. ही गोष्ट मला मनापासून सांगायची आहे, कारण आपल्याकडे ती फार कुणी सांगत नाही. नव्वदच्या दशकाच्या मध्यावर इंडोनेशिया दीड लाख टनांच्या घरात लसूण पिकवत होता. लोंबोक बेटावर रिंजानी ज्वालामुखीच्या पायथ्याचं सेंबालुन, मध्य जावातलं तेमांगगुंग, तावांगमांगू ही त्याची गावं. विषुववृत्ताजवळ दिवस-रात्र सारखी आणि उकाडा कायम, म्हणून लसूण फक्त थंड डोंगराळ भागात येतो. तेव्हा लसणाची आयात बुलोग या सरकारी संस्थेच्या हातात होती. 1997-98 च्या आर्थिक संकटात आंतरराष्ट्रीय नाणेनिधीच्या अटींमुळे तो मक्ता गेला, दार उघडलं आणि चिनी लसूण आला: मोठ्या पाकळ्यांचा, सोलायला सोपा आणि स्वस्त. इथला लसूण बारीक, पण उग्र आणि वासाचा. बाजारानं मोठ्या पाकळ्या निवडल्या. आज देशाच्या गरजेचा नव्वद टक्क्यांहून जास्त लसूण बाहेरून येतो, वर्षाला साधारण पाच लाख टन, आणि जवळजवळ सगळा एकट्या चीनमधून.

सरकारनं लसूण परत आणायचा प्रयत्न केला. 2017 मध्ये नियम काढला की आयातदारानं जेवढी आयात मागितली, तिच्या पाच टक्के इतकं उत्पादन देशात लागवड करून दाखवावं. 2019 मध्ये उत्पादन 89 हजार टनांपर्यंत गेलं आणि आशा वाटली. 2021 मध्ये ते 45 हजारांवर आलं. बऱ्याच आयातदारांनी लागवड पूर्ण केलीच नाही, आणि ज्यांनी केली त्यातल्या अनेकांना ते परवान्यापुरतं काम होतं. ज्या हातांना लसूण लावायचा सराव होता ते हात वीस वर्षांत दुसऱ्या पिकाकडे वळले होते. सेंबालुनमधला जुना शेतकरी लसणाबद्दल बोलतो तेव्हा त्या पैशातून बांधलेलं घर दाखवतो.

आयात एकाच देशावर आणि मोजक्या परवान्यांवर टेकली की काय होतं, तेही इथं दोनदा दिसलं. 2013 च्या मार्चमध्ये परवाने अडकले आणि लसणाचे भाव कित्येक पटींनी चढले. पुढच्या वर्षी इथल्या स्पर्धा आयोगानं 19 आयातदारांना दोषी ठरवलं. 2020 च्या सुरुवातीला चीनमध्ये कोरोना आला, पुन्हा भाव भडकले, आणि सरकारनं मार्चमध्ये लसूण आणि बोम्बाय या दोन्हींसाठी आयात परवान्याची अट 31 मेपर्यंत उठवली. ते दोन महिने आमच्या ऑफिसात जेवायला वेळ नव्हता.

मिरचीबद्दल थोडक्यात. सगळ्या प्रकारची मिळून ताजी मिरची वर्षाला 30 लाख टनांच्या आसपास होते, तरी डिसेंबर ते मार्चच्या पावसात करप्यानं फळं सडतात आणि भाव आकाशाला भिडतात. जानेवारी 2017 मध्ये चाबाई रावित ही बारीक तिखट मिरची किलोला एक लाख रुपियाच्या वर गेली होती, म्हणजे तेव्हाचे आपले पाचशे रुपये. महागाईच्या आकड्यांत मिरची आणि छोटा कांदा हमखास असतात. जुलै 2022 मध्ये महागाई 4.94 टक्क्यांवर गेली, तेव्हाही बातम्यांत या दोघांचीच नावं होती. आपल्यासाठी इथं संधी सुक्या मिरचीची आहे. ती भारतातून येते, पण मुख्यतः गुंटूरकडची. कोबी आणि बटाट्यात बाहेरच्या माणसाला फारसं काही नाही. सुमात्रातलं बेरास्तागी आणि जावातलं दिएंग, पांगालेंगान हे डोंगर ते काम करतात.

आता तुमच्या कामाचं.

2012 पासून इथं ताज्या भाजीफळांच्या आयातीला आधी कृषी मंत्रालयाची शिफारस आणि मग व्यापार मंत्रालयाचा परवाना लागतो. त्याच वर्षी जकार्ताचं तांजुंग प्रियोक बंदर बहुतेक देशांच्या ताज्या मालाला बंद केलं. अमेरिका, कॅनडा, ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड यांना सवलत मिळाली, बाकीच्यांनी सुराबाया, मेदानजवळचं बेलावान किंवा मकास्सार गाठायचं. म्हणजे मोठी बाजारपेठ जकार्तात आणि माल उतरणार पावणेआठशे किलोमीटर दूर सुराबायात. न्यूझीलंड आणि अमेरिका या नियमांविरुद्ध जागतिक व्यापार संघटनेत गेले आणि 2017 च्या नोव्हेंबरमध्ये जिंकले. त्यानंतर नियम बरेच सैल झाले, पण परवान्याची चौकट राहिली. एप्रिल 2025 मध्ये राष्ट्राध्यक्ष प्राबोवो यांनी आयातीचे कोटे काढून टाकायला सांगितलं. तरी माल भरण्याआधी त्या आठवड्याचा नियम आयातदाराकडून लेखी मागवा.

आणि सगळ्यात महत्त्वाचं, आकार. 2017 च्या डिसेंबरपासून पाच सेंटिमीटरपेक्षा कमी व्यासाचा बोम्बाय आणायला बंदी आहे. कारण सरळ आहे: आपली लाल गोल्टी, म्हणजे बारीक कांदा, इथं आली की लोक ती बावांग मेराह म्हणून विकतात आणि ब्रेबेसचा शेतकरी मरतो. मला हा नियम पटतो. आपल्याच भागातल्या एका निर्यातदारानं एकदा गोण्यांत मधोमध गोल्टी मिसळून पाठवली होती. विलगीकरण खात्याच्या माणसानं माझ्यासमोर गोणी ओतली आणि मोजपट्टी लावली. अख्खा कंटेनर परत गेला आणि मालकांनी त्या माणसाचं नाव कायमचं काढून टाकलं. म्हणून प्रतवारी चाळीतच करा, पन्नास नाही, पंचावन्न मिलिमीटरच्या वरचाच माल धरा.

दुसरी गोष्ट, प्रयोगशाळेचा दाखला. इंडोनेशियाकडे नोंद असलेल्या प्रयोगशाळेचाच चालतो. 2022 मध्ये भारतीय प्रयोगशाळांची नोंदणी अडकली आणि आपल्या शेतमालाची आयातच काही काळ थांबली होती. तिसरी, टिकाऊपणा. न्हावाशेव्यापासून दोन ते तीन आठवडे लागतात आणि उतरल्यावर हवा इतकी दमट की काजळी (काळी बुरशी) आणि मोड दोन्ही धावत येतात. एप्रिल-मेमध्ये काढून नीट सुकवलेला, मानेला घट्ट कांदाच इथवर चांगला पोचतो.

पण आमचे मालक दरवेळी मला पहिला प्रश्न विचारतात तो यातला कुठलाच नाही. ते विचारतात, "भारत पुन्हा बंद करणार का?" सप्टेंबर 2019 ला बंदी, सप्टेंबर 2020 ला बंदी, ऑगस्ट 2023 ला 40 टक्के शुल्क, 8 डिसेंबर 2023 ला पुन्हा बंदी. मे 2024 मध्ये उठली ती शुल्कासकट, आणि ते शुल्क पूर्ण गेलं 1 एप्रिल 2025 ला. दरवेळी आमच्याकडच्या ऑर्डरी न्यूझीलंड, नेदरलँड्स आणि चीनकडे गेल्या. त्यांचा कांदा पिवळा, चवीला सौम्य, आणि स्वयंपाक्यांना आपला लाल कांदा जास्त आवडतो, हे मी हॉटेलांच्या मागच्या दारात स्वतः ऐकलंय. तरी ते पिवळा घेतात, कारण तो ठरल्या दिवशी येतो.

म्हणून पहिल्या वर्षी स्वतः थेट पाठवण्याच्या फंदात पडू नका. इंडोनेशियाला आधीपासून माल पाठवणारा लासलगाव किंवा पिंपळगावचा निर्यातदार गाठा, त्याला पंचावन्नच्या वरचा निवडक माल द्या आणि उतरल्यावर किती टक्के खराब निघाला याचा आकडा त्याच्याकडून मागून घ्या. तो आकडा आणि तुमच्या चाळीत साधारण किती टन पंचावन्नच्या वर निघतो, हे दोन्ही इथं खाली लिहा. मग सुराबायात त्याला काय भाव मिळू शकेल ते मी विचारून सांगते.