मार्था गेलहॉर्न या हेमिंग्वेच्या पत्नी, एवढंच माहीत आहे. त्यांचं काय आधी वाचावं? बाईने लिहिलेलं युद्ध वेगळं असतं का?

'हेमिंग्वेच्या पत्नी, एवढंच माहीत आहे' हे वाचलं आणि हातातली मेथी तशीच ठेवून लिहायला बसले. दोष तुमचा नाही. ती अमेरिकन युद्धवार्ताहर, पण तिची ओळख कादंबरीकार अर्नेस्ट हेमिंग्वेची बायको अशीच करून देतात. तिला स्वतःला या ओळखीचा इतका तिटकारा होता, की मुलाखतीत हेमिंग्वेचं नाव काढायचं नाही अशी तिची अटच असायची.

संसार 1940 ते 1945, म्हणजे पाच वर्षांचा. युद्धांवरचं लिहिणं 1937 पासून, स्पेनच्या यादवी युद्धापासून, आणि अमेरिकेच्या हल्ल्याबद्दल लिहायला पनामाला गेली तेव्हा बाई 81 वर्षांची होती. मंदीत होरपळलेल्या अमेरिकन माणसांवरचं तिचं पुस्तक 1936 साली आलेलं होतं, लग्नाच्या चार वर्षं आधी. आणि 1944 चं, दुसऱ्या महायुद्धात दोस्त सैन्य फ्रान्सच्या नॉर्मंडीत उतरलं तेव्हाचं, तर ऐकाच. ती ज्या 'कोलियर्स' साप्ताहिकासाठी लिहायची, तिथली आघाडीवरची जागा नवऱ्याने स्वतःसाठी घेतली. बायकांना आघाडीवर जायची परवानगी नव्हतीच. ही परिचारिकांच्या मुलाखती घ्यायच्या म्हणून बंदरावर गेली, इस्पितळाच्या जहाजात शिरली आणि संडासाला आतून कडी लावून बसली. जहाज सुटल्यावरच बाहेर आली. नॉर्मंडीच्या किनाऱ्यावर उतरून जखमींना आणायला मदत केली. नवरोबा नावेतून किनारा बघून परतले, उतरले नाहीत. बक्षीस काय, तर तिला पकडून परिचारिकांच्या छावणीत ठेवलं. तिथून कुंपणाखालून निसटली आणि इटलीला गेली.

आता बाईने लिहिलेलं युद्ध वेगळं असतं का, याबद्दल. इथे माझं दुखणं आहे.

1999 साली मी सातारा जिल्ह्यातल्या एका दैनिकात वार्ताहर होते. कारगिल पेटलेलं. आमच्याकडे गावोगाव घरटी एक माणूस फौजेत, त्यामुळे रोज पोटात गोळा. कचेरीत कामाची वाटणी झाली होती, म्हणजे कुणी केली नव्हती, आपोआप झाली होती. युद्धाचं लिहायचं एका सहकाऱ्याने, बायकांचं लिहायचं मी. हा गृहस्थ त्या दोन महिन्यांत लोणंदच्या पुढे गेला नाही. तारेवर आलेल्या बातम्या समोर ठेवून, भिंतीवरच्या नकाशात टाचण्या टोचून 'शिखरांची लढाई' लिहायचा. पहिलं पान, नावासकट.

मला एका गावी पाठवलं. जवानाचं पार्थिव आदल्या दिवशी येऊन गेलेलं. अंगणात मांडव तसाच, पुढारी येऊन-जाऊन. बायको बावीसेक वर्षांची, सातवी शिकलेली, बायकांच्या गराड्यात भिंतीला टेकून बसली होती. रडत नव्हती. थोड्या वेळाने उठली आणि मला खुणेने गोठ्याकडे घेऊन गेली. म्हैस रवंथ करत होती. हिने पोलक्यातून चार घड्या घातलेला कागद काढला. घामाने दमट झालेला.

"ताई, विंग्रजी वाचता येतं न्हवं तुमाला? पेन्सन माज्या नावच्या खात्यात येती का मामंजींच्या चालती? ते म्हणत्यात अंगठा दे. मला सही येती."

मी कागद वाचून सांगितला. खातं तुझ्याच नावाचं लागेल, कोऱ्या कागदावर काही करू नकोस, म्हटलं. तिने कागद परत तसाच घड्या घालून ठेवला आणि म्हणाली, "दोनदा सांगा." मी दोनदा सांगितलं. मग पदर सारखा करून ती पुन्हा भिंतीला जाऊन टेकली.

हे मी लिहिलं. नाव न घालता, जपून, पण गोठा, कागद, 'मला सही येती' सगळं लिहिलं. दुसऱ्या दिवशी आतल्या पानावर चौकट: 'वीरपत्नीचे अश्रू थिजले'. आत टाहो होता, सौभाग्याचं लेणं होतं, देशासाठी दुसराही मुलगा देईन म्हणणारी सासू होती. सासू माझ्याशी एक शब्द बोलली नव्हती. वर माझं नाव. वृत्तसंपादकांकडे गेले तर म्हणाले, "अहो बाई, लढाई चाललीय. बँकेचं खातं कोण वाचणार?" आणि टाचण्यावाला शेजारून हसला. "हे युद्ध नाही, ही भाऊबंदकी."

पंचवीस वर्षं होऊन गेली, मी अजून मनातल्या मनात त्याला उत्तरं देते.

गेलहॉर्नचा माद्रिदवरचा 1937 चा लेख मला नंतर चारएक वर्षांनी मिळाला. तोफगोळे पडताहेत. शाल पांघरलेली एक म्हातारी एका भेदरलेल्या पोराचा हात धरून चौक ओलांडतेय. पोलादाचा एक लहानसा, पिळवटलेला तुकडा उडतो आणि पोराच्या गळ्यात घुसतो. म्हातारी मेलेल्या पोराचा हात धरून उभी, तोंडातून शब्द नाही. ना टाहो, ना थिजलेले अश्रू. कोण जिंकतंय, ते त्या जागी नाहीच. मी तो उतारा वाचला आणि मला पहिल्यांदा गोठा आठवला. म्हटलं, आपलं काही चुकलं नव्हतं.

तेव्हा माझं मत सरळ आहे: बाईचं लिहिणं वेगळं नसतं, बाईला पाठवतात ते ठिकाण वेगळं असतं. आणि युद्धाचा खर्च तिथेच मांडलेला असतो. बायका लढल्या तरी गत तीच. बेलारूसच्या स्वेतलाना अलेक्सिएविच यांनी दुसऱ्या महायुद्धात लढलेल्या सोव्हिएत बायकांना बोलतं केलं, ते पुस्तक 1985 साली आलं, तेही कात्री लागून. पुढे 2015 साली त्यांना नोबेल मिळालं. आमच्या वृत्तसंपादकांना कुणी सांगितलं असेल की नाही, देव जाणे.

'चिवटपणा', 'जिद्द' हे शब्द मात्र मला आता चालत नाहीत. त्या मुलीला जिद्दी म्हटलं की सासऱ्याच्या कोऱ्या कागदाबद्दल बोलायला नको. सोय होते सगळ्यांची.

गेलहॉर्नचं काय वाचावं ते राहिलंच. 'द फेस ऑफ वॉर' घ्या, त्यात स्पेनपासूनचे लेख आहेत. नाझींच्या डाखाऊ छळछावणीवरचा रात्री वाचू नका. कादंबऱ्यांपैकी 'अ स्ट्रिकन फील्ड', 1938 च्या प्रागमधल्या निर्वासितांची, नायिका अमेरिकन पत्रकार. कादंबरी म्हणून थोडी ढिली आहे, पण मला आवडते.

ता. क. ती संत वगैरे नव्हती. 1936 साली तिने एका लिंचिंगचं, म्हणजे जमावाने केलेल्या हत्येचं, डोळ्यांदेखत पाहिल्यासारखं वर्णन छापलं, आणि ते तिने पाहिलेलंच नव्हतं. पुढे स्वतःच कबूल केलं. पॅलेस्टिनी निर्वासितांवरचं 1961 चं लिखाणही एकतर्फी आहे. टाचण्यावाल्याला हे कळलं तर तो म्हणेल, बघ, तुझी बाईसुद्धा न बघता लिहायची. म्हणू दे. तिने कबूल तरी केलं.