'ईक आउट' म्हणजे नक्की काय? आणि ते 'प्रोलाँग'सारखंच आहे का?

तुम्ही म्हणताय की पेपरात ईक आउट वाचलं, डिक्शनरीत 'पुरवून वापरणे' सापडलं, मग हे आणि प्रोलाँग एकच का. एकच नाही.

प्रोलाँग लॅटिनकडून आलाय, त्यात 'लांब' या अर्थाचा लाँगस बसलाय, म्हणजे तिथे वेळ लांबते, आजारपण लांबतं, कोर्टातली केस लांबते. ईक मात्र अस्सल जुना इंग्रजी शब्द, अर्थ वाढवणे, भर घालणे. आता भर घालणं आणि पुरवून वापरणं हे उलटंच वाटेल, पण नाशकात मिसळ खात असाल तर लगेच कळेल. मटकी तळाला गेलीये, दीड पाव अजून शिल्लक, मग आपण ओरडतो "दादा, रस्सा द्या", रस्सा पडतो, वरून चिमूटभर कांदा, आणि तीच मटकी शेवटच्या घासापर्यंत पुरते. मूळचं ईक आउट हे असं, कमी आहे त्यात काहीतरी घालून ते पुरवायचं. मग हळूहळू, घालायला काही नसेल तर नुसतं जपून वापरून पुरवणं, हाही अर्थ त्याला चिकटला. मे महिन्यात गंगापूर धरणातला साठा खाली गेला की पावसापर्यंत पाणी पुरवतात ना, तो हा.

'ईक आउट अ लिव्हिंग' म्हणजे कसंबसं पोट भरणं. फाउलर नावाच्या इंग्रजीतल्या नामांकित भाषापंडिताने १९२६ मध्येच सांगितलेलं की हा वापर चूक, तुटपुंजी कमाई जोडकाम करून ईक आउट करता येते, पोट भरणं कसं करणार? मुद्दा बरोबर होता, पण ऐकलं कोणी नाही आणि आज हाच वापर सगळ्यात जास्त दिसतो.

खरी गंमत निकनेममध्ये आहे. पूर्वी तो 'ईक नेम' होता, जादा नाव. 'ॲन ईक नेम' भरभर बोलताना ॲनमधला न पुढच्या शब्दाला जाऊन चिकटला. अंपायरचं बरोबर उलटं झालं, त्याच्या सुरुवातीला 'न' होता, तो ॲनने पळवला! आणि हो, आपले ओज आणि उग्र हेही ईकच्याच खूप जुन्या मूळ धातूतले, लांबचे भाऊबंद म्हणा.

वापरताना एवढं बघा की पुढे संपणारी वस्तू हवी, पैसे, पाणी, पेट्रोल, रेशन. मीटिंग ईक आउट होत नाही, ती नुसतीच लांबते.