सांगलीत चर्चेचा कार्यक्रम करायचाय? आधी कागद, मग कॅमेरा

‘शेतकऱ्यांचे प्रश्न’ हा विषय होत नाही. ‘ऊस कारखान्यावर पोचल्यापासून 14 दिवसांत एफआरपी (केंद्राने ठरवलेला उसाचा किमान दर) जमा झाली का?’ हा होतो. ही मुदत 1966 च्या ऊस नियंत्रण आदेशातच आहे, त्यामुळे पाहुण्याला गोलगोल बोलता येत नाही.

माहिती अधिकारात उत्तराला 30 दिवस जातात. पुराचा कार्यक्रम जुलैत हवा तर अर्ज मे महिन्यातच टाका. सांगलीत आयर्विन पुलापाशी कृष्णेची इशारा पातळी 40 फूट, धोका पातळी 45. हे आकडे निवेदकाच्या हातातल्या कार्डावर पाहिजेत. थेट प्रक्षेपणात कुणीतरी चुकीचा आकडा ठोकून देतोच.

पाहुणे तीन पुरेत. पाच बसवले की नुसता गलका.

नवखे चित्रात रमतात आणि आवाजात मार खातात. कृष्णाकाठी वारा असतो, म्हणून कॉलर माइकला फर, म्हणजे वारा अडवणारं केसाळ आवरण, लावा. तो उपरण्याखाली दडपू नका. कापड घासल्याचा आवाज संकलनात धड निघत नाही. निघण्याआधी सगळ्यांना गप्प करून जागेचा नुसता आवाज 30 सेकंद घ्या, कापलेल्या वाक्यांमधली फट त्यानेच बुजते. सभागृहात ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकलं तर कॅमेऱ्याचं शटर 1/50 सेकंदावर आणा, कारण आपली वीज 50 हर्ट्झची.

ज्याच्यावर आरोप आहे त्याला प्रश्न लेखी पाठवा, पोचही जपा. ‘प्रतिक्रिया मिळू शकली नाही’ हे वाक्य त्या पोचेशिवाय प्रसारित करू नका, मग संपादक कितीही घाई करो.