डबाबंद मांसाचं सारण भरलेले डंपलिंग तेलात का फुटतात?

तुम्ही लिहिलंय की ताज्या खिम्याचे डंपलिंग तुम्हाला छान जमतात, पण त्याच कृतीने डब्यातलं लंचन मीट भरलं की तेलात फुटतात. मग दोष डब्याचा का, आणि पारी घरी लाटावी की विकतची आणावी? पारीचं नंतर बघू. दोष डब्याचा नाही, हे आधी सांगते. डब्याला लावलेला हा बोल मी चौदा वर्षं ऐकतेय.

डंपलिंग मला ताईने शिकवले. तिच्या हाताला चव आहे, त्याबद्दल वाद नाही. खिम्यात ती अर्धी वाटी गार सूप चमच्याचमच्याने घालते आणि एकाच दिशेने घोटत राहते, खिमा चिकट होऊन भांड्याची कड सोडेपर्यंत. चावल्यावर आतून रस येतो तो त्यामुळेच. एकदा माझ्याकडे आठ माणसं जेवायला होती, खिमा आणायला वेळ नव्हता आणि फडताळात लंचन मीटचे दोन डबे होते. ताईला फोन केला. ती म्हणाली, "अगं, कृती तीच, मीठ तेवढं घालू नकोस." मी तसंच केलं, सूपही मोजून घातलं.

सारण सैल आहे हे हाताला कळत होतं. भरून ठेवलेल्यांचे तळ ओले होऊन ताटाला चिकटायला लागले होते. पहिला घाणा सोडला आणि अर्ध्या मिनिटात एकाची मुरड उकलली. आतलं पाणी तेलात गेलं, तेल उसळून माझ्या मनगटावर आलं. डाग अजून आहे. चाळीसातले तेवीस फुटले. मी झाऱ्याने करपलेला चुरा काढत होते तेवढ्यात ताई आली आणि सगळ्यांच्या देखत म्हणाली, "डबा फोडून कधी स्वयंपाक होतो का? शिळं मांस ते, ते काय धरून राहणार?"

ते मला फार लागलं. दुसऱ्या दिवशी एक डबा आणला, 340 ग्रामचा. मांस किसून कोरड्या तव्यावर परतलं आणि पुन्हा वजन केलं. 265 ग्राम भरलं. म्हणजे पाऊणशे ग्राम पाणी आणि चरबी, आणि ती मी आदल्या दिवशी पारीत कोंडली होती. वर ताईचं अर्धी वाटी सूप!

कच्च्या मांसाला मीठ लावून घोटलं की त्यातली प्रथिनं चिकट होतात, पाणी धरतात आणि शिजताना त्या पाण्यासकट आळतात. डब्यातलं मांस सीलबंद करून शिजवलेलं असतं, त्यातली प्रथिनं कधीच आळून बसलेली असतात. त्याला सूप पाजलं तर ते मुरत नाही, फटींमध्ये साचतं. पाण्याची वाफ झाली की तिला 1600 पटींहून जास्त जागा लागते, पारी बिचारी किती ताणणार? आणि शिळं कसलं? बंद बाटलीत उकळून अन्न टिकवण्याची रीत निकोला अपेर्त या फ्रेंच माणसाने 1810 मध्ये पुस्तक काढून सांगितली. तेव्हापासून मुद्दा हाच आहे की आतलं अन्न शिळं होऊ नये.

आता माझी पद्धत. डबा रात्रभर फ्रिजमध्ये ठेवते, म्हणजे मांस घट्ट होतं आणि जाड किसणीवर नीट किसलं जातं. कीस कोरड्या तव्यावर कडा तांबूस होईपर्यंत परतायचा, चाळणीत निथळायचा आणि पूर्ण गार करायचा. कोमट सारण भरलंत तर आत घाम सुटतो. कोबी घालायचा तर वेगळा परतून, पाणी आटवून. पातीचा कांदा, आलं, मिरी. एका डब्याला एक मध्यम उकडलेला बटाटा कोरडा कुस्करून घालते, सारण त्याने धरतं. मीठ नाही, सोया सॉस नाही, सूप तर नाहीच. भरताना हात फडक्याला पुसत राहा. पारीच्या कडेला चरबीचं बोट लागलं की कितीही दाबा, तिथे चिकटत नाही. मुरड घालण्याआधी आतली हवा काढा. तेल 180 अंशांच्या आसपास हवं. आत शिजायचं काही उरलेलं नसतं, पारीला रंग आला की काढा, दोन-तीन मिनिटांचं काम.

पारी विकतची चालते, फक्त तिची कड सुकलेली असते, तिला पाण्याचं बोट सढळ हाताने लावा. घरी करायची तर मैदा गार पाण्याने घट्ट भिजवून अर्धा तास झाकून ठेवा, लाटताना मध्य जाड आणि कड पातळ.

ज्यांना खिम्यासारखा रसच हवा त्यांनी खिमाच आणावा. या सारणाची मजा निराळी आहे, खमंग आणि खारट. त्याला खिम्याची नक्कल समजून केलं की दोन्ही बिघडतात. ताईला हेच पटत नाही.

गेल्या वर्षी ती माझ्याकडे होती तेव्हा मी मुद्दाम केले. ती कढईशेजारी हातात झाकण धरून उभी राहिली, फुटला की झाकायला. तिसऱ्या घाण्याला तिने झाकण ओट्यावर ठेवलं. एकही फुटला नाही. म्हणाली, "बटाट्याने तारलं गं." सूपाबद्दल अवाक्षर नाही.

हो, एक राहिलं. डबा फुगलेला किंवा गळका असेल तर चाखूनही न बघता फेकून द्या. उरलेलं मांस उघड्या डब्यात ठेवू नका, दुसऱ्या भांड्यात काढून फ्रिजमध्ये ठेवा आणि तीन-चार दिवसांत संपवा. रक्तदाब असलेल्यांनी जपून, यात मीठ भरपूर असतं. शिवाय जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेने 2015 मध्ये प्रक्रिया केलेलं मांस कर्करोगकारक गटात घातलंय, म्हणून आमच्याकडेही हे वर्षातून दोन-तीनदाच होतं.

तुमच्या खिम्याच्या कृतीत पाणी किंवा सूप किती आहे ते लिहिलेलं नाही. असेल तर ते काढून आधी एकच डंपलिंग तळून बघा, मग बाकीचे भरा.