गावी राहायला आलो, पण काहीच जमत नाही!

"निवृत्तीनंतर हौसेने गावी आलो, आता परत जावंसं वाटतंय. आमचं चुकलं का?" हा प्रश्न मला वरचेवर विचारला जातो.

असंच एक जोडपं (ओळख बदलून सांगते) डोंबिवलीहून कुडाळजवळच्या वडिलोपार्जित घरी आलं. काका त्रासूनच बोलत होते. पहाटे कोंबडा आरवतो म्हणून ते शेजाऱ्याला विचारून आले, "त्याला सातपर्यंत आत ठेवता येईल का?" संध्याकाळपर्यंत ही गोष्ट वाडीभर झाली. दाराला बेल बसवली, तर शेजारीण ती न वाजवता थेट स्वयंपाकघरात. मांगरात (घराजवळच्या खोपटात) साप दिसला तेव्हा काकांनी सर्पमित्र आणि पोलीस पाटील, दोघांनाही बोलावलं. शेजारचा शाळकरी मुलगा आत डोकावून म्हणाला, "काकानू, धामण ती. उंदरांपाटी इली."

हे ऐकताना काकू पोट धरून हसत होत्या. काकांचे डोळे मात्र भरून आले. "पस्तीस वर्षं फास्ट लोकलने गेलो-आलो, कधी अडलो नाही. इथे पोरंसोरं मला हसतात."

खरी गाठ इथे होती. सापापेक्षा, अंधारापेक्षा नवशिकं होणं त्यांना जास्त बोचत होतं. मानववंशशास्त्रज्ञ कालेर्वो ओबर्ग यांनी १९६० साली लिहिलं होतं की नव्या संस्कृतीत माणूस आधी हरखतो आणि मग चिडतो, कारण रोजच्या वागण्यातल्या ओळखीच्या खुणाच हरवतात. ते परदेशी गेलेल्यांविषयी होतं. माझ्या अनुभवात डोंबिवली ते कुडाळ एवढं अंतरही त्याला पुरतं.

मी काकांना त्या मुलाचीच शिकवणी लावायला सांगितलं. नाग, मण्यार, घोणस, फुरसं हे चार विषारी साप ओळखायचे आणि रात्री बॅटरीशिवाय अंगणात उतरायचं नाही. शेजारणीला काकूंनी सरळ सांगितलं, "दुपारी आम्ही पडतो, चहाला या." ती चहाला येऊ लागली, येताना फणसाचे गरे घेऊन. मुलाला काका गणित शिकवू लागले. मला हा बदल फार मोलाचा वाटतो, कारण आता ते फक्त शिकणारे उरले नव्हते. वाडी अजून हसते, पण कोंबड्याचा किस्सा हल्ली काका स्वतःच रंगवून सांगतात.

तुम्हीही अशाच पेचात असाल तर शहरातलं घर लगेच विकू नका आणि पहिल्याच पावसाळ्यात परतूही नका. वर्षभराचे ऋतू पाहा. मात्र झोप, भूक उडाली आणि उदासी दोन आठवड्यांहून जास्त टिकली, तर ते नुसतं न रुळणं समजू नका. डॉक्टरांना भेटा.