गृहकर्जाचा खरा खर्च : हप्ता नव्हे, शिल्लक मुद्दल पाहावे

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे. पिंपरी-चिंचवडमधील रावेत येथे बांधकाम सुरू असलेली ६५ लाख रुपयांची सदनिका आपण पती-पत्नी मिळून घेत आहात, त्यासाठी ५० लाखांचे कर्ज हवे आहे, आपले वय ३४ आहे आणि सध्या घरभाडे २२,००० रुपये आहे. कर्ज विभागातील अधिकाऱ्याने २० ऐवजी ३० वर्षांची मुदत सुचवली आहे, कारण तसे केल्यास हप्ता सुमारे पाच हजारांनी कमी होतो. मुदत कोणती घ्यावी आणि हे घर अखेरीस आपल्याला कितीला पडेल, हे आपण विचारले आहे.

सर्व हिशेब समजायला सोपे जावेत म्हणून मी व्याजदर ८.५ टक्के धरतो. आपला दर थोडा वेगळा असला तरी आकड्यांची रीत बदलणार नाही. या दराने ५० लाखांचा २० वर्षांचा हप्ता ४३,३९१ रुपये येतो आणि एकूण व्याज सुमारे ५४ लाख १४ हजार होते. मुदत ३० वर्षे केली की हप्ता ३८,४४६ रुपयांवर येतो, पण व्याज ८८ लाख ४० हजारांवर जाते. म्हणजे दरमहा ४,९४५ रुपयांची जी सवलत आपल्याला दाखवली गेली, तिच्यापोटी ३४ लाखांहून अधिक व्याज वाढते. याचे कारण पहिल्याच हप्त्यात दिसते. पहिल्या महिन्याचे व्याज दोन्ही मुदतींत ३५,४१७ रुपये हेच असते. २० वर्षांच्या हप्त्यातून मुद्दलापोटी ७,९७४ रुपये जमा होतात, तर ३० वर्षांच्या हप्त्यातून केवळ ३,०२९. हप्त्यात केलेली कपात व्याजातून होत नाही, ती संपूर्णपणे मुद्दलाच्या वाट्यातून होते, आणि जे मुद्दल फिटले नाही त्यावर पुढच्या महिन्यात पुन्हा व्याज लागते.

म्हणून माझे पहिले सांगणे असे की हप्त्याच्या आकड्यावरून कर्ज परवडते की नाही एवढेच कळते, ते स्वस्त आहे की महाग हे कळत नाही. त्यासाठी परतफेडीचा तक्ता मागून घ्यावा आणि त्यातील शिल्लक मुद्दलाचा रकाना वाचावा. २० वर्षांच्या कर्जात पहिल्या पाच वर्षांत आपण २६ लाखांहून अधिक रक्कम भरता, त्यातील सुमारे २० लाख १० हजार व्याजात जातात आणि मुद्दल फक्त ५ लाख ९४ हजारांनी कमी होते. अर्धे मुद्दल फिटायला १३ वर्षे १० महिने लागतात. पाच-सहा वर्षांत घर विकून मोठे घर घेऊ, असा विचार करणाऱ्या कुटुंबांनी हा तक्ता विशेष काळजीने पाहावा, कारण विक्रीच्या वेळी त्यांच्या नावावर जवळजवळ मूळचेच कर्ज उभे असते.

येथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. ५४ लाख आणि ८८ लाख हे आकडे साधी बेरीज करून आले आहेत, आणि २८ वर्षांनी भरायचा हप्ता आजच्या हप्त्याइतका जड नसतो. जो माणूस कमी हप्त्यातून वाचलेले ४,९४५ रुपये खरोखर दरमहा गुंतवतो आणि कर्जाच्या दरापेक्षा अधिक परतावा करभरणा करून मिळवतो, त्याला लांब मुदत लाभदायक ठरू शकते. परंतु मुदत ठेवीवरील व्याज करपात्र असते आणि सार्वजनिक भविष्य निर्वाह निधीचा दर एप्रिल २०२० पासून ७.१ टक्केच आहे, त्यामुळे या सुरक्षित मार्गांनी ८.५ टक्क्यांची बरोबरी होत नाही. समभागांतून ती होऊ शकते, मात्र तेथे खात्री नसते. कर्जाच्या मुद्दलात भरलेला रुपया मात्र ८.५ टक्के निश्चितपणे वाचवतो. बहुतेक घरांत हे वाचलेले पाच हजार गुंतवले जातच नाहीत, ते महिन्याच्या खर्चात मिसळून जातात, हे मी अनेक परिचितांच्या बाबतीत पाहिले आहे.

आता व्याजदराच्या चढउताराकडे वळतो, कारण लांबच्या खर्चातील सर्वांत कमी समजलेला भाग तोच आहे. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाह्य मानकाशी, बहुधा रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी (ज्या दराने ती बँकांना अल्प मुदतीचे कर्ज देते), जोडलेली असतात. मे २०२२ मध्ये ४ टक्क्यांवर असलेला रेपो दर फेब्रुवारी २०२३ पर्यंत ६.५ टक्क्यांवर गेला. २०२१ च्या उत्तरार्धात ७ टक्के दराने २० वर्षांसाठी ५० लाख घेतलेल्या कर्जदाराचा हप्ता ३८,७६५ रुपये होता. १८ हप्त्यांनंतर त्याचे मुद्दल ४८ लाख १८ हजार उरले आणि दर एकदम ९.५ टक्के झाला असे हिशेबासाठी धरले, तर महिन्याचे व्याजच ३८,१४६ रुपये होते. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलापोटी जेमतेम ६०० रुपये जातात, आणि उरलेली साडेअठरा वर्षांची मुदत ४३ वर्षांवर पोहोचते. मुदत न वाढवता कर्ज फेडायचे तर हप्ता ४६,१६३ रुपये करावा लागला असता. त्या काळात असंख्य कर्जदारांची मुदत त्यांना न विचारता वाढली होती, आणि हप्ता तोच राहिल्यामुळे अनेकांच्या ते लक्षातही आले नाही. रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने याला आवर घातला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, याची निवड कर्जदाराला द्यावी लागते, आणि वाढलेल्या मुदतीत मासिक व्याजही हप्त्यातून भागत नाही अशी स्थिती येऊ द्यायची नाही, असे त्यात म्हटले आहे. निवडीचा हा अधिकार आपण लेखी वापरावा.

दर उतरतात तेव्हाही निवड करावी लागते, आणि तेथे लोक हमखास हप्ता कमी करून घेतात. ८.५ चा दर सुरुवातीलाच ८ टक्के झाला असे समजा. हप्ता कमी केला तर तो ४१,८२२ रुपये होतो आणि २० वर्षांत सुमारे पावणेचार लाख वाचतात. हप्ता ४३,३९१ वरच ठेवला, तर कर्ज २० महिने आधी फिटते आणि सुमारे ८ लाख ६८ हजार वाचतात. २०२५ च्या पहिल्या सहामाहीत रेपो दर ६.५ वरून ५.५ टक्क्यांवर आला, तेव्हा ज्यांनी हप्ता हलू दिला नाही त्यांना याचा लाभ झाला. गृहवित्त कंपनीकडून कर्ज घेणार असाल तर मात्र तिचा दर कशाला जोडलेला आहे हे आधी विचारा, कारण बाह्य मानकाची सक्ती बँकांवर आहे. अनेक गृहवित्त कंपन्या स्वतःच ठरवलेल्या आधार दरावर कर्ज देतात आणि तो दर रेपोबरोबर उतरेलच असे नसते.

मुदतपूर्व परतफेडीबद्दल आपण विचारले नाही, तरी तिच्याशिवाय हे उत्तर अपुरे राहील. व्यक्तीला दिलेल्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर बँका २०१२ पासून मुदतपूर्व परतफेडीचे शुल्क घेऊ शकत नाहीत. याचा उपयोग जितका लवकर तितका मोठा. आपल्या २० वर्षांच्या कर्जात पहिल्या वर्षाच्या अखेरीस ५ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर कर्ज चार वर्षांहून थोडे अधिक आधी संपते व सुमारे १६ लाखांचे व्याज टळते. तेच ५ लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले तर सव्वादोन लाखांच्या आसपासच व्याज टळते. एवढी रक्कम हाती नसेल तर दरवर्षी केवळ एक हप्ता जादा भरावा. त्याने कर्ज पावणेसतरा वर्षांत फिटते आणि व्याज सुमारे १० लाख ३० हजारांनी घटते. जादा रक्कम भरताना ‘मुदत कमी करावी, हप्ता नव्हे’ असे अर्जावर स्पष्ट लिहावे आणि नंतर सुधारित तक्ता मागून खात्री करावी.

व्याजाव्यतिरिक्तचा खर्च आपल्या बाबतीत किरकोळ नाही. पिंपरी-चिंचवडमध्ये मुद्रांक शुल्क ७ टक्के आहे, म्हणजे ६५ लाखांवर ४ लाख ५५ हजार. नोंदणी फी ३०,००० रुपये. बांधकाम सुरू असल्यामुळे वस्तू व सेवा कर ५ टक्के, म्हणजे ३ लाख २५ हजार. भोगवटा प्रमाणपत्र (इमारत पूर्ण झाली असून राहण्यास योग्य असल्याचा दाखला) मिळालेल्या सदनिकेवर तो लागत नाही. हे ८ लाख १० हजार आणि कर्जाबाहेरचे १५ लाख मिळून २३ लाखांहून अधिक रक्कम आपल्या खिशातून जाईल. खरेदीखत केवळ पत्नीच्या नावे केल्यास मुद्रांक शुल्कात एक टक्का सूट मिळते, पण मग पती सहमालक राहत नाहीत व त्यांना व्याजाची करवजावट मागता येत नाही, हे दोन्ही बाजूंनी तोलून पाहावे.

बांधकामाच्या काळात कर्ज टप्प्याटप्प्याने दिले जाते, आणि तोवर केवळ दिलेल्या रकमेवरील व्याज भरण्याचा पर्याय पुढे केला जातो. दोन वर्षे सरासरी २५ लाख उचललेले असतील, तर ४ लाख २५ हजार व्याज जाते आणि मुद्दल एका रुपयानेही कमी होत नाही. शिवाय भाडे चालूच असते. ताबा लांबला तर हा आकडा वाढत जातो. शक्य असेल तर पूर्ण हप्ता पहिल्या टप्प्यापासून सुरू करून घ्यावा. कर्जाला जोडून देऊ केलेल्या विम्याबाबतही सावध असावे. सव्वा लाखाचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला, तर २० वर्षांत तो २ लाख ६० हजारांना पडतो. विमा अवश्य असावा, पण तो त्याच संस्थेकडून घेण्याची सक्ती नाही. स्वतंत्र मुदत विमा घेऊन पाहावा.

करसवलतीचा आधार फार मोठा मानू नये. पहिल्या वर्षी आपण ४ लाख २१ हजार व्याज भराल. जुन्या करप्रणालीत राहत्या घरासाठी त्यातील प्रत्येक सहमालक-सहकर्जदाराला कमाल २ लाखांची वजावट मिळते, आणि तीही घराचा ताबा मिळाल्यावर. ३० टक्क्यांच्या टप्प्यातील व्यक्तीचा उपकरासह ६२,४०० रुपये कर वाचतो. २०२३-२४ पासून, वेगळी निवड न केल्यास, आपोआप लागू होणाऱ्या नव्या प्रणालीत राहत्या घराच्या व्याजाला वजावटच नाही.

भाड्याशी तुलना करताना हप्ता आणि भाडे समोरासमोर ठेवू नये, व्याज आणि भाडे ठेवावे, कारण परत न येणारे पैसे तेच. पहिल्या वर्षी आपले भाडे २ लाख ६४ हजार आणि व्याज ४ लाख २१ हजार, शिवाय सोसायटीचा देखभाल खर्च आणि मालमत्ता कर. पण व्याज दरवर्षी घटते आणि भाडे वाढते. भाडे वर्षाला ६ टक्क्यांनी वाढले तर सातव्या वर्षी ते व्याजाला मागे टाकते, आणि दहाव्या वर्षी व्याज ३ लाख ७ हजार व भाडे ४ लाख ४६ हजार होते. स्वतःच्या २३ लाखांवरील बुडालेले उत्पन्न धरले तर हा टप्पा आणखी काही वर्षे पुढे जातो. पुण्यात दीर्घकाळ राहणार असाल तर घर घेणे योग्य आहे, असे माझे मत आहे. तीन-चार वर्षांत बदलीची शक्यता असेल तर नाही.

मुदतीबाबत माझा सल्ला २० वर्षांचा आहे, मात्र सहा हप्त्यांइतकी रक्कम बाजूला राहणार असेल तरच. ती राहत नसेल तर ४०,२६१ रुपये हप्त्याची २५ वर्षे घ्यावीत आणि दर पगारवाढीला हप्ता वाढवून घ्यावा. ३० वर्षे घेतली तर शेवटचा हप्ता चौसष्टाव्या वर्षी, निवृत्तीनंतर येतो. या आठवड्यात अधिकाऱ्यांना भेटाल तेव्हा मुख्य तथ्य पत्रक मागा. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या किरकोळ कर्जांसाठी ते देणे बंधनकारक आहे. त्यात सर्व शुल्कांसह वार्षिक दर आणि परतफेडीचा तक्ता असतो, आणि त्यात न लिहिलेले कोणतेही शुल्क आपल्या स्पष्ट संमतीशिवाय नंतर लावता येत नाही. दोन संस्थांची पत्रके शेजारी ठेवून तुलना करावी, आणि ती झाल्यावरच प्रोसेसिंग फीचा धनादेश द्यावा.