‘क्योगेन’ या नावाचा अर्थ काय आणि हा नाट्यप्रकार आला कुठून?

तुम्ही विचारले आहे की, जपानच्या ‘क्योगेन’ या जुन्या विनोदी नाट्यप्रकाराच्या नावाचा अर्थ बहुतेक ठिकाणी ‘वेडे बोल’ असा दिलेला असतो, तो बरोबर आहे का, एखाद्या कलेला असे नाव कोण देईल, आणि हा प्रकार जपानच्याच ‘नोह’ या गंभीर, गायन-नृत्यप्रधान नाटकातून निघाला का. मी पुण्यात जपानी शिकले आणि गेली अनेक वर्षे त्या भाषेतून भाषांतराचे काम करते. क्योगेन हा माझ्या मनाच्या फार जवळचा विषय आहे, म्हणून थोडे विस्ताराने लिहिते.

‘वेडे बोल’ हा अर्थ अक्षरशः बरोबर आहे, पण अपुरा आहे. हा शब्द दोन चित्राक्षरांनी लिहितात. पहिले ‘क्यो’ म्हणजे वेड, भान सुटणे. या अक्षराच्या डाव्या अंगाला कुत्र्याचे चिन्ह आहे, त्यामुळे आपल्या ‘पिसाळणे’ या क्रियापदाच्या जवळ जाणारी कल्पना त्यात दडलेली आहे. दुसरे ‘गेन’ म्हणजे बोल, वचन. आठव्या शतकातल्या ‘मान्योशू’ या काव्यसंग्रहात हीच दोन अक्षरे येतात, मात्र तिथे त्यांचा उच्चार ‘तावागोतो’ असा होतो आणि विनोदाशी त्यांचा काहीही संबंध नसतो. एका राजपुत्राच्या मृत्यूची बातमी कानावर येते तेव्हा विलाप करणारी व्यक्ती विचारते की, हे मी ऐकते आहे ती नुसती अफवा आहे की कुणाची वेडगळ बडबड आहे. म्हणजे या शब्दाचा जपानमधला जुना वापर हसण्याचा नसून, कानांवर विश्वास न बसण्याचा आहे.

नाट्यप्रकाराला हे नाव मिळाले ते मात्र बहुधा वेगळ्या वाटेने, आणि ती वाट चीनमधून येते. तांग काळातला थोर कवी बाय जुयी (772–846) उतारवयात बौद्ध उपासक झाला होता. इ. स. 840 मध्ये त्याने आपल्या कविता लुओयांगजवळच्या शियांगशान मंदिरात ठेवल्या आणि सोबत एक लहानसे निवेदन लिहिले. त्यात तो म्हणतो की, या जन्मी मी ऐहिक अक्षरांचा जो उद्योग केला, वेडे बोल आणि नटवी वचने रचण्याचा जो दोष माझ्याकडून घडला, तोच पुढच्या जन्मोजन्मी बुद्धमार्गाच्या स्तुतीचे बीज आणि धर्मचक्र फिरवण्याचे निमित्त होवो. यातल्या ‘वेडे बोल आणि नटवी वचने’ या चार अक्षरांचा जपानी उच्चार ‘क्योगेन किगो’ असा होतो. आपल्या नाट्यप्रकाराचे नाव हे या जोडशब्दाचे अर्धे अंग आहे, असे सामान्यतः मानले जाते, आणि मलाही ते पटते.

त्यातल्या ‘किगो’चे मूळ शोधत गेले की आपण थेट आपल्या घरच्या अंगणात येतो. बौद्ध परंपरेत दहा अकुशल कर्मे सांगितली आहेत आणि त्यांपैकी चार वाणीची आहेत: खोटे बोलणे, चहाडी करणे, कठोर बोलणे आणि निरर्थक बडबड करणे. महाराष्ट्रात ज्या घरांत ‘मुसावादा वेरमणी’ रोज म्हटले जाते त्यांना यातले पहिले पाठच असते. शेवटच्या दोषाला पालीत ‘संफप्पलाप’ आणि संस्कृतात ‘संभिन्नप्रलाप’ म्हणतात, आणि त्याचेच चिनी भाषांतर पुढे जपानीत ‘किगो’ म्हणून आले. म्हणजे बाय जुयीच्या वाक्यात ‘नटवी वचने’ हा नुसता विनयाचा शब्द नाही. आपली कविता शीलभंगाच्या यादीत बसते याची ती जाहीर कबुली आहे.

ही कबुली जपानी लेखकांनी फार मनावर घेतली. 964 मध्ये क्योतोजवळच्या हिएइ डोंगरावरचे काही भिक्षू आणि राजविद्यालयातले विद्यार्थी यांनी ‘कांगाकुए’ नावाची सभा सुरू केली, जिथे सूत्रपठण आणि काव्यरचना एकाच बैठकीत चालत, आणि बाय जुयीचे हे वाक्य तिथे म्हटले जाई. अकराव्या शतकाच्या आरंभी फुजिवारा नो किंतो याने संपादलेल्या ‘वाकान रोएइशू’ या गाण्यायोग्य वेच्यांच्या संग्रहात ते वाक्य आल्यावर ते सुशिक्षितांच्या तोंडी बसले. कल्पित कथा लिहिणे हे पाप आहे, ही भीती पुढे बाराव्या शतकात किती खरी होती हे सांगायचे तर ‘गेंजी मोनोगातारी’ या प्रसिद्ध कादंबरीची लेखिका मुरासाकी शिकिबू हिला तिच्या लेखनामुळे नरकवास मिळाला असे लोक मानू लागले होते आणि तिच्या सुटकेसाठी विधी केले जात. अशा वातावरणात ‘वेडे बोल’ हा शब्द नुसती शिवी राहत नाही. ज्याने तो स्वतःच्या रचनेला लावला, त्याने दोषही मान्य केला आणि त्या दोषातून वाट निघेल अशी आशाही त्याच शब्दात ठेवली. शब्दकोश यातला पहिला अर्धा भाग देतात आणि दुसरा गाळतात, म्हणून मी वर ‘अपुरा’ म्हटले.

आता नाव बाजूला ठेवून प्रत्यक्ष खेळाकडे वळते. आठव्या शतकात चीनमधून ‘सांगाकु’ नावाचा एक मिश्र प्रकार जपानमध्ये आला होता, ज्यात कसरती, हातचलाखी, नकला आणि संगीत असे सगळे असे. दरबाराने त्याचे शिक्षण देणारी व्यवस्था ठेवली होती, पण 782 मध्ये ती मोडीत काढली, आणि कलावंत देवळांच्या, जत्रांच्या आणि रस्त्यांच्या आधाराने जगू लागले. लोकांच्या तोंडी ‘सांगाकु’चे ‘सारुगाकु’ झाले. ‘सारु’ म्हणजे माकड, आणि माकडचेष्टांच्या खेळाला ते नाव चपखल बसले. अकराव्या शतकाच्या मध्यास फुजिवारा नो आकिहिरा याने अशा खेळांचे वर्णन लिहून ठेवले आहे. त्यात आलेल्या प्रसंगांची नुसती शीर्षके वाचली तरी क्योगेनची चाहूल लागते. एका भिक्षुणीवर बाळाच्या लंगोटांसाठी कपडा मागत फिरण्याची वेळ आली आहे. पूर्वेकडचा एक गावकरी पहिल्यांदाच राजधानीत आला आहे. हसून हसून प्रेक्षकांची आतडी तुटतात आणि हनुवट्या निखळतात, असे तो लिहितो. संहिता मात्र उरलेली नाही.

यावरून तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर मिळते. क्योगेन हे नोहचे अपत्य नाही, दोघे एकाच सारुगाकुचे वारस आहेत. चौदाव्या शतकात कान्नामी आणि त्याचा मुलगा झेआमी यांनी सारुगाकुतले गाणे, नृत्य आणि काव्य यांना गंभीर, घडीव रूप दिले आणि त्याचे नोह झाले. संवाद, नक्कल आणि हसू ज्या नटांकडे राहिले त्यांचे क्योगेन झाले. दोन्ही खेळ एकाच रंगमंचावर, एकाच दिवशी, आलटून पालटून होत राहिले. इतकेच नव्हे, तर नोहच्या मध्यंतरी मुख्य नट वेश बदलायला आत गेला की, क्योगेनचा नट पुढे येऊन तीच कथा साध्या बोलीत सांगतो. दोघांना मिळून ‘नोगाकु’ म्हणण्याची पद्धत तर 1881 च्या सुमारास, मेइजी काळात रुळली. युनेस्कोने 2001 मध्ये अमूर्त वारसा म्हणून ज्याची निवड जाहीर केली ते हेच नोगाकु, म्हणजे नोह आणि क्योगेन दोन्ही मिळून.

झेआमीने 1430 मध्ये आपल्या मंडळीसाठी लिहिलेल्या शिकवणीत क्योगेनच्या नटांनाही सल्ला दिला आहे. ग्राम्य शब्द आणि हावभाव वापरून हशा मिळवू नये. पाहणाऱ्याच्या चेहऱ्यावर स्मित यावे आणि त्या स्मिताच्या पोटात आनंद असावा, असा त्याचा आशय आहे. असा सल्ला द्यावा लागला याचाच अर्थ असा की नट सोवळे नव्हते. त्याच काळातल्या एका राजपुत्राच्या रोजनिशीत 1424 ची एक नोंद आहे: फुशिमी इथे सारुगाकुच्या नटांनी दरबारी उमरावांच्या दारिद्र्यावर क्योगेन केले, आणि समोर बसलेले तेच उमराव असल्यामुळे नटांना कडक समज देण्यात आली. सत्ता सामुराईंच्या हाती गेल्यावर या उमरावांची खरोखरच ओढाताण चालू होती, त्यामुळे तो विनोद फार आत लागला असणार. मला ही नोंद अत्यंत मोलाची वाटते, कारण आज आपण जे शालीन, घोटून घेतलेले क्योगेन पाहतो त्याच्या खाली असे धारदार, आयत्या वेळी रचलेले बोल होते याचा हा समकालीन पुरावा आहे.

पुढे ही धार बोथट झाली, पण कला टिकली. 1578 च्या एका हस्तलिखितात कथानकांची टिपणे मिळतात. ओकुरा घराण्याच्या तोराआकिरा याने 1642 मध्ये संवादांसह विस्तृत संग्रह तयार केला आणि 1660 मध्ये क्योगेनवर एक विवेचनही लिहिले. त्यात तो म्हणतो की, क्योगेन म्हणजे नोहचे मोकळे केलेले रूप. सुलेखनात जसे ठाशीव अक्षर आणि धावते अक्षर असते, तसे हे दोघे. बाळबोध आणि मोडी माहीत असलेल्या मराठी वाचकाला ही तुलना वेगळी समजावून सांगावी लागणार नाही. ओकुरा, इझुमी आणि सागी अशी तीन घराणी तोकुगावा या सामुराई राजवटीच्या आश्रयाने उभी राहिली. त्यांपैकी सागीची व्यावसायिक परंपरा विसाव्या शतकाच्या आरंभी खंडित झाली आणि यामागुची, सादो अशा काही ठिकाणी हौशी मंडळींनी ती जपली.

‘क्योगेन’ हा शब्दही एका जागी थांबला नाही. काबुकी हा जपानचा आणखी एक लोकप्रिय नाट्यप्रकार; 1652 मध्ये किशोर नटांच्या काबुकीवर बंदी आली, आणि पुढच्या वर्षी परवानगी मिळाली ती नाच-देखाव्याऐवजी ‘नकलांचे क्योगेन’ करण्याच्या अटीवर. तेव्हापासून काबुकीच्या कोणत्याही नाटकाला, अगदी रडवणाऱ्या नाटकालाही, क्योगेन म्हणू लागले. आजच्या बातम्यांत तर हा शब्द ‘बनाव’ या अर्थाने येतो: कर्मचाऱ्याने स्वतःच पैसे लांबवून चोरी झाल्याचे भासवले, तर ती ‘क्योगेन गोतो’, म्हणजे बनावट दरोडा. आपल्या ‘सोंग’ या शब्दाचेही असेच आहे. दशावतारात किंवा भारुडात सोंग आणतात, आणि आजारपणाचेही सोंग घेतात.

आता प्रत्यक्ष एक खेळ दाखवते, कारण नावाचा धागा तिथेच पूर्ण होतो. ‘बुसु’ हे क्योगेन मी पहिल्यांदा क्योतोत पाहिले. नेपथ्य काही नाही. मागच्या फळीवर पाइनचे एकच झाड रंगवलेले. नटांच्या पायांत पिवळसर मोजे, कारण पांढरे मोजे नोहच्या नटांचे. मालक पुढे येऊन आपण याच परिसरातले रहिवासी असल्याचे सांगतो. क्योगेनमधल्या माणसांना बहुधा नावेही नसतात. तो तारो काजा आणि जिरो काजा या दोन नोकरांना बोलावतो, एक काळा लाखेचा डबा त्यांच्या हवाली करतो आणि बजावतो की यात बुसु आहे, त्याच्यावरून आलेला वारा अंगाला लागला तरी माणूस मरतो. बुसु म्हणजे बचनागाच्या जातीचे विषारी मूळ. मालक जाताच दोघांना राहवत नाही. हातातले पंखे उघडून ते उलट दिशेने वारा घालत डब्याकडे सरकतात. एक म्हणतो “घाल वारा, घाल वारा”, दुसरा म्हणतो “घालतो वारा, घालतो वारा”, आणि तीन-चार पावले गेली की घाबरून पळत मागे येतात. मी पाहत होते तेव्हा शेजारची एक आजी त्यांच्याबरोबर पुढे झुकत होती आणि त्यांच्याबरोबरच मागे येत होती.

डब्यात साखर निघते. त्या काळी ती बाहेरून येणारी, दुर्मिळ वस्तू होती. दोघे सगळी चाटूनपुसून खातात. मग तारो काजा मालकाचे मोलाचे टांगलेले चित्र फाडायला लावतो, उंची चहाचा वाडगा फोडायला लावतो, आणि मालक परतल्यावर दोघेही हमसाहमशी रडू लागतात: झोप येऊ नये म्हणून कुस्ती खेळलो, त्यात हे नुकसान झाले, आता जगण्यात अर्थ नाही म्हणून बुसु खाल्ले. इथे ते गाऊ लागतात, एक घास खाल्ला तरी मरण येईना, दोन घास खाल्ले तरी येईना, तीन, चार, पाच, दहा घास खाऊन डबा संपला, तरी मेलो नाही हे केवढे भाग्य! मालक “सोडणार नाही, सोडणार नाही” म्हणत त्यांच्या मागे धावतो आणि तिघेही पुलासारख्या वाटेने आत जातात.

ही गोष्ट नटांनी शून्यातून रचलेली नाही. मुजू नावाच्या भिक्षूने 1283 मध्ये पूर्ण केलेल्या ‘शासेकिशू’ या कथासंग्रहात ती आधीच आहे. तिथे मालकाच्या जागी कंजूष भिक्षू आहे, नोकराच्या जागी मठातला मुलगा आहे, साखरेच्या जागी घट्ट गोड पाक आहे आणि फुटते ते भिक्षूचे पाण्याचे भांडे. त्याच ग्रंथाच्या प्रस्तावनेत मुजू सांगतो की, या हलक्याफुलक्या गोष्टी मी लोकांना बुद्धमार्गाकडे आणण्यासाठी निमित्त म्हणून लिहितो आहे, आणि त्या गोष्टींना तो जो शब्द वापरतो तो आहे ‘क्योगेन किगो’.